सकेगा

नीळकंठराव मुळ्ये उभे राहिले तेव्हा
चिटणिसांच्या गोठात पोस्टरं मी चिकटवली.
खळ आईनं शिजवली होती, जरा गोडसरच झाली,
सकाळपर्यंत अर्धे मुळ्ये गाईंनी खाल्ले.
तरी नऊशे मतांनी आले.

आवाज असा, की दौलतगंजात बोलले
तर दाल बाजारातला हमाल पोतं खाली ठेवी.
घरात मराठी, सभेत हिंदी,
रागावले की दोन्हींची खिचडी,
आम्हा लष्करवाल्यांची होते तशी.
मोतीमहालात, त्या सोनेरी छताखाली,
भाडेकरूंच्या विधेयकावर दोन तास बोलले.
पाणी प्यायले नाहीत.
तांब्या धरून मीच दारात उभा होतो.

कलम अकरा. घर खाली करवताना
मालक सहा महिन्यांची मुहलत 'देगा'.
अधिवेशनाचा शेवटचा दिवस, हाडं गोठवणारी थंडी,
खिडकीत किल्ला काळा पडत चाललेला.
समोरच्या बाकांवरून कुणी म्हणालं,
'देगा'चं 'दे सकेगा' करा,
आत्ता हात वर करतो.
मुळ्यांनी घड्याळ पाहिलं. मग मला म्हणाले,
"पेन दे रे."
समासात तीन अक्षरं.
टाळ्या. लोक मफलरी गुंडाळू लागले.

पुढं राज्यच मोठ्या राज्यात विरघळलं,
राजधानी भोपाळला गेली,
मुळ्ये पडले, काळा कोट पुन्हा चढवला,
आणि एक दिवस जयेंद्रगंजात
खुर्चीवर बसले. मी खाली, पेशकार.

तो आवाज कुठं ठेवला, कळलं नाही.
"पुढं." "तारीख." "हं."
लग्नांना जाणं सोडलं,
बाड्यावरून चालत जाणं सोडलं,
भेटेल तो आधी नमस्कार करी, मग काम सांगे.
संक्रांतीला जुन्या कार्यकर्त्यांनी गजक पाठवली.
"जिथली तिथं पोचव," म्हणाले.
एक डबा वाटेत फुटला. तुकडा मी खाल्ला.
हे त्यांना शेवटपर्यंत सांगितलं नाही.

मग ती फाईल आली.
मुसम्मात रामकटोरी, बेवा, शिलाईकाम, जनकगंज.
मालकानं दहा दिवस दिले होते.
कलम अकरा वाचताना माझी जीभ अडखळली.
मुळ्ये म्हणाले, हे प्रकरण दुसरीकडं पाठवतो.
दोन्ही वकील एकदम उठले,
"नाही हुजूर, आमचा आपल्यावरच भरवसा."

बाईचा वकील नवा, कॉलर अजून कडक.
त्यानं कुठून तरी सभागृहाचा जुना वृत्तांत मिळवला होता.
"हुजूर, या कलमावर जे भाषण झालं..."
कुणाचं, ते त्यानं सांगितलं नाही.
कोर्टात सगळ्यांना ठाऊक होतं,
पंखा ओढून ढिला झालेल्या शिपायालासुद्धा.
मुळ्ये कागदावरून मान न उचलता म्हणाले,
"भाषण म्हणजे कायदा नव्हे.
सभागृहाच्या मनात काय होतं,
ते या न्यायालयाला माहीत नाही."

नऊ पानं. एकही खाडाखोड नाही.
'सकेगा' म्हणजे सकेगा,
देईल किंवा न देईल, मालकाची मर्जी.
शेवटी एक ओळ,
विधानमंडळानं या शब्दाकडं पुन्हा पाहावं.
सही करताना खिसे चाचपले.
मी पेन पुढं केलं.
"नको," म्हणाले, आणि शिपायाचं मागितलं.

रामकटोरीला निकाल मी हिंदीत समजावला.
ती म्हणाली, "वो तो ठीक है, पर मशीन कहाँ रखूँ?"

संध्याकाळी टांगा मोतीमहालापाशी थांबवला.
आत आता फायलींची कपाटं, एक दिवा.
बराच वेळ बसून राहिले.
"किती वाजले होते रे त्या दिवशी?"
पावणेसात, मी म्हणालो.
"भूक लागली होती मला."

टांगेवाल्यानं दचकून मागं पाहिलं.
आवाज जुना होता.