पुरावा क्रमांक चौदा

साल्टमार्केटच्या कोर्टाबाहेर कॅमेरे उभे राहू लागले
तेव्हा आईचा फोन आला,
"इशबेल, केस का विंचरले नव्हतेस?"
खून कुणी केला, ते तिनं कधीच विचारलं नाही.

बाकी सगळ्यांनी विचारलं.
टॅक्सीवाल्यानं, खालच्या मजल्यावरच्या म्हातारीनं,
दाताच्या डॉक्टरनं, तेही तोंडात ड्रिल असताना:
"त्यानंच केलं ना? तुम्हाला तर माहीतच असणार."
चौतीस वर्षं मी आ वासून गप्प.

सुरुवात एका चोरलेल्या सायकलीपासून.
मग चाकू, जळालेलं गोदाम,
मग तो फुटबॉलवाला, ज्याच्या खटल्यात
माझे बूटसुद्धा पेपरात छापून आले.
आणि मग रॉरी मक्वॉटर.

रॉरीविरुद्ध होतं एक बटण.
तपकिरी, चार भोकांचं, क्लाइडच्या चिखलात सापडलेलं,
मेलेल्या पोराच्या हातापासून दीड फुटावर.
मी दोन तास त्या बटणावर बोलले.
किती कारखाने, किती कोट,
एका हिवाळ्यात या ग्लासगोत किती बटणं गळतात,
मोजलीत कुणी?
पंधरा ज्यूरी. त्यातला एक हळूच
स्वतःच्या कोटाची बटणं चाचपू लागला.
तिथंच मला कळलं.

"सिद्ध झालं नाही."
आमच्याकडे तेव्हा असा तिसरा निकाल असायचा,
माणसाला घरात न घेणारा, हाकलूनही न देणारा,
उंबऱ्यावर उभं ठेवणारा.
आता कायद्यातून काढून टाकलाय.
रॉरीला मी विचारलं नव्हतं. नंतरही नाही.
विचारायचं नसतं. उत्तर मिळालंच,
तर ते घेऊन उभं कुठं राहायचं?

सहा वर्षांनी, डेनिस्टनमध्ये, माझ्याच कोटाचं बटण तुटलं.
सुनावणीला चाळीस मिनिटं.
कोपऱ्यावर कपडे दुरुस्तीचं दुकान.
आतल्या बाईनं चष्मा वर करून पाहिलं,
मग खाली घेतला.
एफी कार्गिल. अकरा दिवस दुसऱ्या बाकावर,
हिरवा स्कार्फ, मांडीवर पोराची टोपी.

मला निघून जाता आलं असतं.
पण कोट तिच्या हातात गेला होता.

तिनं दोरा मेणावरून ओढला.
सुई आत, सुई बाहेर. सहा वेळा. मी मोजलं.
मग बटणाखाली वेढे दिले, घट्ट,
आणि दोरा दातानं नाही, कात्रीनं तोडला.
"दोन पौंड साठ."
मी पाचाची नोट दिली.
सुटे तिनं काउंटरवर एकेक करून मांडले,
मोजायला मला वेळ मिळावा म्हणून असेल.
"हे आता गळायचं नाही," म्हणाली.
एवढंच.

गेल्या महिन्यात तो कोट देऊन टाकायला काढला.
बाह्या विरल्यात, अस्तराच्या चिंध्या.
बटणं काढून ठेवायची, ही आईची सवय.
तीन नुसत्या ओढीनं हातात आली.
चौथ्यासाठी कात्री आणली,
चष्मा आणला,
दिवा जवळ ओढला.

कोट अजून खुंटीवर आहे.