आचूचं वावर

सातारच्या अभिलेख कक्षात
चार सोमवार रजा टाकून
मी एक शब्द शोधत होते.
कुणबी.
कुठल्याही रुमालात, कुठल्याही ओळीत,
आमच्या नावाला चिकटून असला म्हणजे झालं;
धाकट्याचा दाखला अडला होता.

तारळेकर गुरुजी पानाला शंभर घेतात,
चष्मा कपाळावर चढवून
नाक कागदाला लावून वाचतात.
मोडीत, ते म्हणाले, रेघ आधी ओढायची,
या टोकापासून त्या टोकापर्यंत,
मग अक्षरं टांगत जायची तिच्यावर
दोरीवरच्या धुण्यासारखी.
शब्द कुठं संपला
ते वाचणाऱ्यानं ठरवायचं.

चौथ्या सोमवारी, जेवायच्या सुट्टीआधी,
त्यांचं बोट थांबलं.
"तुमच्या शेताला काय म्हणतात म्हणालीस?"

आचूचं वावर.
माचूतरच्या उताराला, चौदा गुंठे.
सातबाऱ्यावर नुसता गट नंबर,
पण तोंडी सगळ्यांच्या आचू.
आत्या म्हणते आचू म्हणजे आचमन,
कुणी ऋषी बसला असणार.
आजा सांगायचा, बैल होता एक, मारका.

"बैल नाही," गुरुजी म्हणाले,
आणि हळू वाचायला लागले,
शेजारी कुणी निजल्यासारखं:
अचु. किंवा आचू. किंवा आ, चू.
मोडीला ऱ्हस्वदीर्घाचं सोयरसुतक नसतं.
जात चिनी. कैदी. वय अजमासे सव्वीस.
जहाजातून आणलेला.
पेठेच्या तुरुंगातून साहेबाच्या बागेत कामास:
बटाटा, सलगम, वेताच्या टोपल्या.
मुदत भरली.
परतीचे भाडे मागितले नाही.
राहणार येथेच.

त्याखाली दुसऱ्या शाईत
बायको तुळसा, सपकाळाची विधवा.
मुलगा एक.
पदरी आलेला की मागाहून झालेला?
गुरुजींनी भिंग फिरवलं, कागद उजेडाला धरला.
नेमकं तिथंच कसर लागलेली,
मुगाच्या दाण्याएवढं भोक,
आणि भोकातून समोरचं कपाट दिसत होतं.

भावाला फोन केला.
तो म्हणाला, "फोटोबिटो काढू नको.
रुमाल होता तसा बांध."

मेढ्याच्या पुढं केळघर घाट लागला तसे
बंद मोबाईलच्या काचेत
मी माझे डोळे पाहिले.
काही नाही. आईचेच.

आई वाफ्यावर मल्चिंगचा कागद अंथरत होती,
स्ट्रॉबेरीची रोपं ओल्या पोत्याखाली.
सगळं ऐकलं. कडेला माती ओढली. म्हणाली,
"म्हणून तुझा आजा भातात उदबत्ती खोवायचा."
पितृपक्षात सगळ्यांची केळ्यात असते,
आमची भाताच्या मुदीत, उभी, मधोमध.
भावकी हसायची.
कुणी शिकवलं विचारलं
तर म्हणायचा, बानं.

एवढं बोलून तिनं कागदाचं दुसरं टोक
माझ्या हातात दिलं.

मला रात्री आचूपेक्षा तुळसाच दिसत राहिली.
दोघं कुठल्या भाषेत भांडली असतील,
थंडीत त्याला सांधे दुखले तर
तिनं निरगुडी शेकली असेल का,
विधवेनं पुन्हा घर मांडलं, तेही अशा माणसाशी,
तेव्हा पाणवठ्यावर तिची घागर
कुणी शेवटी ठेवायला लावली असेल.
आणि ती त्याला हाक काय मारायची?
नवऱ्याचं नाव तेव्हा
बाईच्या जिभेवर चालत नव्हतं.

माणसाचं चालत नव्हतं.
वावराचं चालायचं.

कुठं निघालीस गं तुळसे, कुणी विचारलं
तर विळा कमरेला खोचून
सगळ्या आळीला ऐकू जाईल असं
ती सांगत असेल,
दिवसातून दोनदा, तीनदा,
काम असो नसो.