एक माप लहान

मी त्याला पायांकडून ओळखायचे.
ग्योर्लिट्झच्या नाट्यगृहात, रंगमंचाच्या ओठाशी
प्रॉम्प्टरचं खोकं, त्यात मी, मांडीवर संहिता
आणि डोळ्यांसमोर नटांचे बूट.
तोंडं नंतर दिसत, मान वर केली तर.

आल्विन हाउबोल्ड. त्स्विकाउच्या कोळसाखाणीतल्या
दिवेवाल्याचा मुलगा. जाहिरातीत नाव कायम खालून दुसरं,
छापखान्याचा पत्ता सुरू व्हायच्या जरा आधी.
टपालवाला, हॉटेलचा दारवान, तिसरा न्यायाधीश.
नायक आत येण्याआधी जो दचकून दाराकडे बघतो, तो.
त्याच्या दचकण्याने नायक मोठे होत,
आणि हे नायकांना ठाऊक नसे.

एका ओळीच्या भूमिकेसाठी तो आठवडाभर
टपाल कचेरीच्या बाकावर बसून आला,
वाईट बातमी देताना माणसाचा अंगठा कुठे असतो ते बघायला.
गेर्लिंडे, त्याची बायको, म्हणायची,
घरी मीठ मागतो तेही
रोज वेगळ्याच माणसाच्या आवाजात.

तेहतीसच्या वसंतात
झीगबेर्ट लेव्हिनचं नाव फलकावरून गेलं.
खडूचं असतं तसं, ओल्या फडक्याने.
लेव्हिनचा नोटरी हाउबोल्डकडे आला
आणि नोटरीचे काळे बूट,
आत शाईने लिहिलेलं: लेव्हिन, ४१.
हाउबोल्डचा पाय बेचाळीसचा.
कपडेवाली म्हणाली, बदलून देते.
तो म्हणाला, राहू देत.

दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात आलं:
श्री. हाउबोल्ड यांनी नोटरीला बहाल केलेलं
हे किंचितसं लंगडणं म्हणजे निरीक्षणाचा कळस.
मला शाई दिसत नव्हती, ती आत होती.
मोज्यावर टाचेपाशी उमटलेला डाग दिसत होता,
दुसऱ्या अंकात नाण्याएवढा, चौथ्यात बशीएवढा.

कोणी विचारेल, बूट चावून घेऊन काय झालं?
काही नाही. लेव्हिन परत आला नाही.
हाउबोल्ड संहितेबाहेर एक शब्द बोलला नाही,
गणवेश दिले ते घातले,
हात वर करायचा तिथे वर केला.
अडखळला तिथे ती वाक्यं
मीच पुरवली, खालून, हळू आवाजात.

म्हणतात, सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं येत नाही.
भरल्या पोटाचं येतं. सत्तेचाळीसच्या हिवाळ्यात
पोटाला उशी बांधून त्याने नगराध्यक्ष केला,
कागदाच्या लगद्याचं बदक खाल्लं, बोटं चाटली,
आणि अख्खं प्रेक्षागृह ओव्हरकोटात आवंढा गिळत राहिलं.
खोक्यातून मला त्याचे गुडघे दिसत होते, थरथरणारे.

मग बाबेल्सबर्ग, चित्रपट. साठेक असतील,
सगळे जोडले तर पाऊण तास.
दिग्दर्शक ओरडायचे, सरळ चाला, हाउबोल्ड!
बूट आता मापाचे होते. चाल सरळ होईना.
ट्राममध्ये एक बाई त्याला म्हणाली,
तुम्ही आमच्या दंतवैद्याकडे होतात ना?
हो, तो म्हणाला. दाढ कशी आहे आता?
तिने तोंड उघडून दाखवलं. त्याने नीट पाहिली.

चौऱ्याहत्तरच्या फेब्रुवारीत गेला.
दफनभूमीत ओला बर्फ पडत होता,
नाट्यगृहाचा नवा संचालक टोपी काखेत धरून वाचत होता:
"ते अजरामर लंगडणं, मित्रहो, त्यांनी..."
आणि पान पानाला चिकटलं.

एकेचाळीस वर्षांची सवय. शांतता झाली
की माझे ओठ आपोआप हलतात.
मी पुढे वाकून पुरवलं,
तेवढ्याच आवाजात, जेवढा पहिल्या रांगेला ऐकू जाऊ नये:
लेव्हिनकडून घेतलं.

संचालकाला वाटलं, कोणी खोकलं.
त्याने नखाने पान सोडवलं,
"...स्वतःच्या प्रतिभेने घडवलं," म्हणाला, आणि पुढे गेला.

फक्त गेर्लिंडेने मान वळवली.
माझ्याकडे नाही.
खाली, माझ्या बुटांकडे.