नजरी नकाशा

आधी गावाचा नकाशा काढायचा,
मोजपट्टी न लावता, डोळ्याने, म्हणून नजरी.
पक्क्या घराला चौकोन, कच्च्याला त्रिकोण,
रस्त्याला दोन रेघा, ओढ्याला एक वाकडी.
प्रशिक्षणात सोपं वाटलं होतं.

उंबरदरा. तालुक्यापासून सतरा किलोमीटर,
त्यातले शेवटचे चार कंबरेने मोजायचे.
उत्तरेला गायरान, मग बालाघाटाचा मुरमाड उतार,
दक्षिणेला काळी रानं, नजर जाईल तिथवर.
तूर निघालेली, हरभऱ्याचे ढीग,
करडई वाळून अशी काटेरी
की बांधावरून जाताना साडी दोन्ही हातांनी धरावी.

गाव सरळ आहे. भूकंपानंतर आखून दिलेलं.
अ गल्ली, ब गल्ली, क गल्ली,
सारख्या अंतरावर सारखी घरं.
नकाशा पाऊण तासात झाला,
गणिताच्या वहीतल्या चौकटींसारखा.

पण माणसं त्यात राहत नाहीत.
"मठपतींचं घर कुठं?" विचारलं
तर म्हणतात, "येशीतून आत या,
चावडीच्या डाव्या अंगाला, आडापशी."
वेस नाही. चावडी नाही.
आड इथून अडीच किलोमीटर.
मी ब-३१ च्या दारात उभी असते
आणि दार मठपतींचंच असतं.

सहा दिवस मोजत होते.
वय विचारलं की "भूकंपाच्या साली पाळण्यात होतो",
"भूकंपात धाकटी पोटात."
दाखल्यांपेक्षा हे बरं जुळतं,
मी बोटांवर वजाबाकी करते.
भागीरथी कोरेंना विचारलं, मुलं किती?
"पाच."
लिहिलं.
मग चुलीतलं लाकूड पुढे सारत म्हणाल्या, "हायती तीन."
म्हटलं, दोन्ही रकाने आहेत, जन्मलेली आणि हयात.
त्या कागदाकडे बघत राहिल्या.
"मंजी छापणाऱ्याला ठावं हुतं."

कुलूपबंद घरं एकोणीस.
गायी दिसल्या, पण गायींना रकाना नाही.

तलाठ्यांच्या कागदावर
जुन्या गावठाणापुढे एकच शब्द, बेचिराग.
तरी स्वतः बघून यायचं असतं.
स्कूटी बाभळीला टेकवली.
दगडी जोती, जोत्यांतून एरंड,
एक रांजण, अर्धा मातीत.
उंबरे मात्र जिथल्या तिथे.
भिंती नव्हत्या,
तरी मी दारातूनच आत गेले.

चिंचेखाली पत्र्याचं खोपटं. चूल. चुलीत निखारे.
चाँदपाशा अत्तार, वय "लिवा सत्तर",
पोत्यावर बसून चिंचा फोडत होते.
नव्या गावात त्यांचं घर आहे, ब-११४,
त्या एकोणीस कुलपांतलं एक.
"रात्री झोपता कुठं?"
"हितंच. तितं वर स्लॅब हाय.
रातभर त्येच्याकडंच बगत बसावं लागतंय."

नियम स्पष्ट आहे,
मुक्काम जिथे, मोजणी तिथे.
मी पेनचं टोपण काढलं.
"बाई, हितं नका लिवू.
जागा सरकारची. कागदावर आलो की उठवत्याल."
"मग काय लिहू?"
"हाय त्येच ऱ्हाऊ द्या. सबुद चांगला हाय."
आणि एक चिंच माझ्या तळव्यावर ठेवली,
वाकडी, न फोडलेली.
तिला इकडे आकडा म्हणतात.

त्यांना ब-११४ मध्ये लिहिलं.
पुरुष, एक. कुलूप मनातल्या मनात काढलं.
कुलूपबंद अठरा.
एकूण लोकसंख्या एक हजार तीनशे बारा.
बेरीज जुळली. नियम मोडला
तेव्हा तर एका झटक्यात जुळली.

पण रात्री नकाशा नीट करताना
कागदाच्या वरच्या कोपऱ्यात, ओढ्याच्या पलीकडे,
पेन्सिलीने एक त्रिकोण काढला होता, अगदी फिकट.
पर्यवेक्षक चष्मा वर करून म्हणाले,
"हे काय आहे, मॅडम?"
"झाड."
"झाडाला खूण नसते."
नसते, म्हटलं.
आणि पर्समध्ये खोडरबर शोधत राहिले,
जे वरच्याच कप्प्यात होतं.