खानापूर पोस्टातली लाख

सरकारी लाख बेळगावहून यायची, कांड्यांची, पेटीत.
ती मुकी. तिच्याबद्दल सांगण्यासारखं काही नाही.

दुसरी आणायचा धाकू झोरे,
हेम्माडग्याच्या रानातून, कोशिंबाच्या एकाच झाडाची,
पानात बांधून, तुपाच्या बरणीमागे लपवून.
रंग वाळल्या रक्ताचा. वास ओल्या काडेपेटीचा.
म्हणायचा, मऊ आहे तोवर हिच्यापुढे जपून,
मनात येईल ते घेते ही.
कडक झाली की सोडत नाही.
मुठीत धरून ऊब दिलीस तर सांगेल, एकदाच,
मग नुसता डिंक.

पेटी उशिरा यायची त्या महिन्यांत
मी हीच वापरली. हिशेबात दाखवली नाही.

लोंढ्याचा इनास बहिणीला काजू पाठवायचा,
नंदगडच्या बिर्जेबाई लेकीला बाळंतविडा.
पत्ता मराठीत, पिनकोड इंग्रजीत, पावती कन्नडात,
वर मी लाख ओतायचो, फुंकर घालायचो,
पितळी शिक्का दाबायचो,
आणि वाटायचं, लाडवांबरोबर
बाईंचा जीवही चालला हुबळीच्या गाडीत.
अठरा वर्षं असंच वाटलं.

यल्लव्वा यायची पारिशवाडहून.
तिला मराठीचे चार शब्द, मला कन्नडचे पाच,
त्यातला एक दोघांचाही: अक्का.
पोरगा वास्कोला, बंदरात.
दर अमावास्येला शेंगांची चटणी, जोंधळ्याची कडक भाकरी.
एकदा पार्सल परत आलं.
घेणारा सापडत नाही.
कापड उसवलेलं, मोहर अखंड.

ती यायला चार दिवस होते.
मी दार लोटलं, मोहर मुठीत घेतली.
गुन्हाच तो. नोकरी गेली असती.
वाटलं, आता आईचं काळीज ऐकू येणार,
कन्नडात येणार, आपल्याला कळणार नाही,
खरं रडू येणार.
रुमाल काढून ठेवला होता मी.

आलं ते असं:
डावीकडची दाढ ठणकते आहे.
तीनची पॅसेंजर गेली वाटतं.
डब्यात पुन्हा दोडका.
सुलभा असती तर
इथं तुटलं.
नेहमी मी इथंच तोडतो.

किती वेळ बसलो कुणास ठाऊक.
मोहरेवर वाकलेला, फुंकर घालणारा,
लाखेच्या सगळ्यात जवळचा, मीच की.
म्हणजे पुण्यात, मडगावात, धारवाडात
पार्सल सोडताना कुणी मोहर हातात घोळवली असेल,
आणि लाडू फोडण्याआधीच दाढ दुखली असेल त्याची.
कुणी भरल्या ताटावर
दोडका नको म्हणून रुसला असेल.
आणि कुणाला दिसली असेल एक बाई,
परसात पाठमोरी, ओले केस पुढे घेतलेली,
तो म्हणाला असेल, ही कोण?
बायकोला सांगितलं नसेल.

तिच्याबद्दल मी कुणाशी अवाक्षर बोललो नव्हतो.
जिल्हाभर वाटून बसलो होतो.

यल्लव्वा आली. पार्सल पुढे सरकवलं.
पोरगा सापडत नाही,
हे मला पाच शब्दांत बसवता येईना.
तिने कापडावरून हात फिरवला, उसवलेलं पाहिलं.
म्हणाली, इरली.
असू दे म्हणजे.
आणि कमरेची सुई काढून तिथंच टाके घालायला बसली.

त्या दिवशी लाख ओतली
आणि खुर्ची मागे रेटत भिंतीला टेकलो,
श्वास धरून.
म्हटलं, अक्का, तूच.
शिक्का तिने घेतला नाही.
अंगठाच टेकवला, गरम लाखेत,
हूं नाही की चूं नाही,
आणि बराच वेळ उचलला नाही.
मागे रांगेत कुणीतरी खाकरलं.

पुन्हा वजन केलं तर
मघापेक्षा चाळीस ग्रॅम जास्त भरलं.
वरची तिकिटं मी माझ्या खिशातून लावली.