जशी होती तशी

आदेश तीन पानांचा. बॅटरी माझी, उसनी.
काटिगडा ठाण्यामागे रुपजान आपा आधीच उभ्या,
पिकअपची किल्ली गळ्यातल्या दोऱ्यात.

चौदा महिने.
बॉनेटमधून निघालेला दुधीचा वेल
आरशापर्यंत पोचलाय, फुलांसकट.
हौद्यात चार सुपाऱ्या,
पंचनाम्यात मोजायच्या राहिलेल्या.

हवालदार अटी वाचतो:
विकायची नाही. रंग बदलायचा नाही.
बोलावलं की हजर करायची.
मग चारी बाजूंनी फोटो काढतो.
खटल्यात आता गाडीच्या जागी हेच उभे राहतील, म्हणतो.

आपा म्हणतात, मग पोराचेही काढा की.
चारी बाजूंनी.
मी भरते हमी. बोलावलं की आणते.
रंग नाही बदलणार त्याचा.

हवालदार हसतो. मग हसत नाही.

'जशी होती तशी मिळाली'खाली अंगठा.
मी वेल कापायला वाकलो तर म्हणाल्या, थांब रे,
आणि पानांआड चाचपत राहिल्या.
एकच सापडला, कोवळा, बोटभर.
पदरात घेतला.

चौथ्या किल्लीला इंजिन खोकलं.
शेजारची सीट पुसून दिली मी,
त्या मागेच चढल्या, हौद्यात,
सुपाऱ्या पायानं कडेला सारत.