टेपच्या शेवटी

गुरुवारी दुपारी अक्कोळहून एक मुलगी आली,
पिशवीत आईच्या लग्नाची कॅसेट.
"पेन ड्राइव्हवर घालून देता का काका?
पंचवीस वर्षं झाली, आईला दाखवायचं हाय."

पट्टीला बुरशी. हेडवरनं स्पिरिटचा बोळा फिरवला,
बटण दाबलं.
अक्षता पडल्या, बुंदी वाढली गेली,
मांडवाच्या खांबाशी चित्र जरा हललं
(कॅमेरा माझाच, तोवर मी जेवलो नव्हतो).
मग निळा पडदा. मग मुंग्या.
मुंग्यांतून कमल हिरेकोडी वर आली
आणि म्हणाली, नमस्कार,
'दिवेलागण'मध्ये आपलं स्वागत.

"ह्या कोण?"

कोण म्हणून सांगू.
मगदूमांच्या तंबाखूच्या वखारीचा माळा, तो आमचा स्टुडिओ.
खाली पोती हलली की वर कमल शिंकायची.
पहिल्या वर्षी आम्ही शिंका कापल्या,
मग कंटाळून ठेवल्या.
पुढं पुढं शिंक आली नाही तर निपाणीतनं फोन यायचे,
वखार बंद हाय काय आज?

साडेसात मिनिटं मराठी, साडेसात मिनिटं कन्नड,
दोन्हीकडं तीच बाई, तीच साडी.
आधी कुठली, यावरनं केबलची वायर दोनदा तुटली.
शेवटी बाळू जसूदनं तोड काढली:
विषम तारखेला मराठी आधी, सम तारखेला कन्नड.
सहा महिने सुखाचे गेले नाहीत तोच
कुणीतरी कॅलेंडर घेऊन जिना चढला:
एकतीस आणि एक, लागोपाठ दोन विषम!
तेव्हापासनं एकतीस तारखेला बातम्याच नाहीत.
नुसतं पाणी सोडायचं वेळापत्रक,
तेही इंग्रजी आकड्यांत,
मागं सनई.

कॅसेटी एकूण नऊ.
संपावर पूर चढला, पुरावर निवडणूक,
निवडणुकीवर उरूस.
गावात जे घडलं ते आम्हीच टिपलं
आणि आम्हीच पुसलं, आठवड्याच्या आत.
मग डिश आली. बारा कनेक्शनं उरली,
त्यातली तीन बाळूच्या सासुरवाडीची.
बंद केलं तो दिवस नेमका एकतीस जुलै.
कमल साडी नेसून आली होती, तशीच घरी गेली.
वॉर्ड चार, सकाळी ६ ते ७.
एवढाच आमचा निरोप.

पडद्यावर कमल सांगत होती:
हजार विड्यांमागं मजुरीत दीड रुपया वाढ,
मालक अजून कबूल नाहीत.
वेदगंगेचा बंधारा गळतोय.
बुदलमुखच्या शिवाप्पा कमते यांची म्हैस हरवली आहे,
डावं शिंग मोडकं, गळ्यात पितळी घंटा,
नाव चंद्री, हाक मारल्यास थांबते.
मग एक शिंक.
मग पदर सावरून, आवाज थोडा खाली, आईकडचा,
एल्लरिगू नमस्कार,
आणि शिवाप्पाची म्हैस कन्नडमध्येही हरवायला लागली
तेवढ्यात पट्टी संपली.

"हे शेवटचं कापू का?" मी विचारलं.
"राहू दे की."
तिनं पर्स उघडली, किती झाले?
मी म्हटलं, काही नाही, तुझ्या आजोबांनी
नव्या कॅसेटचे पैसे दिले होते.
तिला कळलं नाही. कळू नये म्हणूनच
मी तसं बोललो असेन.

पायरीवर चप्पल घालता घालता वळली,
"काका, म्हैस सापडली?"

दुसऱ्या दिवशीच्या बातम्यांत असणार ते.
मी आठवत बसलोय, अजून.